नरहर गुरुजींची अरुंधती

राजूरच्या गणपतीला संकष्टीच्या दिवशी पाय ठेवायला जागा मिळत नाही. दिवसभराचा उपास, पोटात कावळे कोकलताहेत आणि चंद्र काही केल्या उगवत नाही. अशा वेळी माणसं काय करणार? सुनांच्या कागाळ्या करतात, सोयरिकी जुळवतात, नाहीतर विनाकारण पोरांच्या पाठीत धपाटे घालतात. राजूरची माणसं त्या काळी आणखी एक गोष्ट करायची. देवळापुढच्या मोकळ्यात नरहर गुरुजींभोवती गोळा होऊन बसायची.

नरहर परतूरकर हे राजूरच्या शाळेतले मास्तर. अंगानं काटकुळे, डोक्यावर काळी टोपी आणि मान कायम वर. रस्त्यानं चालताना शेणात पाय पडला नाही असा दिवस विरळा, आणि पडला तरी गुरुजींना घरी पोचेपर्यंत पत्ता नसायचा. निजामाच्या अमदानीत ते जालन्याला उर्दूतून शिकले. तिथं हाफिज साहेब म्हणून एक शिक्षक होते. त्यांनी पोराला गणित शिकवलं ते शिकवलंच, वर हा आकाशाचा नाद लावून दिला. पुढं अठ्ठेचाळीस साली राज्य बदललं, शाळा मराठी झाली, आणि गुरुजी अलिफ-बे सोडून ग-म-भ-न गिरवून घ्यायला लागले. तारे होते तिथंच राहिले. फक्त गुरुजींपाशी एकेका ताऱ्याची दोन-दोन नावं झाली.

चंद्र उगवेपर्यंतचा अंधार हा गुरुजींचा खरा वर्ग. वैशाखात पश्चिमेकडं पुष्य नक्षत्रात एक पुसट डाग दिसतो, पिठाचा हात लागावा तसा. तो दाखवून ते सांगायचे, की इटलीत गॅलिलिओ नावाच्या माणसानं नळीला भिंगं बसवून याच्याकडं बघितलं, तर हा डाग नव्हताच, चांदण्यांचा घोळका होता! मग गाडी फ्रान्सला जायची. तिथं मेसिए नावाचा एक गडी होता, त्याला शेपटीवाले तारे हुडकायचं वेड. रात्र-रात्र जागायचा, आणि सापडला सापडला म्हणेपर्यंत निघायचा असलाच एखादा डाग. शेवटी वैतागून त्यानं या फसवणाऱ्या डागांचीच यादी केली, की आपण फसलो ते फसलो, पुढच्यानं तरी फसू नये. त्याचे शेपटीवाले तारे लोक विसरले, त्या यादीनं मात्र त्याचं नाव राहिलं.

देवळापाशी फुलं-दूर्वा विकणारी झुंबरबाई एका गोष्टीवर फार खूश असायची. ती होती कॅरोलिन नावाच्या बाईची. ही बाई इंग्लंडात भावाच्या घरी राहायची. भाऊ दुर्बिणीचा आरसा घासत बसला की त्याला घास भरवायची, तो आकाश बघायला लागला की त्याचं सगळं टिपण करायची, आणि यातून सवड काढून तिनं स्वतः चांदण्यांचे घोळके शोधून काढले. झुंबरबाईनं एकदा विचारलं, की तिला नवरा-पोरं होती का. नव्हती, असं कळल्यावर म्हणाली, मंग बराबर, आमाला कुठं वर बघायला फुरसत.

आणि रखमाजी. हा गुरुजींच्या शेजारचा शेतकरी, देवमाणूस, पण शंकेखोर. हजार वर्षांमागं इराणातल्या अल-सूफी नावाच्या विद्वानानं देवयानी नक्षत्रात एक बारीक ढग बघून ठेवला, आणि अलीकडं अमेरिकेतल्या हबल नावाच्या माणसानं मोजून दाखवलं, की तो ढग म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखी दुसरी अख्खी आकाशगंगा आहे, असं गुरुजींनी सांगितलं, तेव्हा सगळ्यांच्या माना वर झाल्या. रखमाजीनं तेवढं विचारलं, "मंग तिकडं पाऊसपाणी बराबर हाय का?" गुरुजींनी प्रामाणिकपणे सांगितलं, की ते अजून कळलेलं नाही.

गुरुजींना गावात आणखी एक मान होता. लग्नात नवरीला अरुंधती दाखवायची रीत आहे. सप्तर्षींच्या शेपटातला मधला तारा वसिष्ठ, आणि त्याला खेटून बसलेली ती बारकी चांदणी म्हणजे त्याची बायको अरुंधती. बाकीच्या गावांत भटजी मांडवातूनच उत्तरेकडं बोट करतो, नवरी खाली बघूनच 'दिसली' म्हणते, की झालं. राजुरात हे चालायचं नाही. इथं अंधार पडला की गुरुजींना बोलावणं यायचं. ते नवरा-नवरीला मांडवाबाहेर आणायचे आणि खरीखुरी अरुंधती दिसेपर्यंत सोडायचे नाहीत. जेवणाच्या पंगती खोळंबायच्या, आचारी शिव्या घालायचे, पण राजूरच्या लेकी अरुंधती बघितल्याशिवाय सासरी गेल्या नाहीत.

छप्पन्न सालच्या वैशाखात रखमाजीच्या मुलीचं, सगुणाचं, गोरज मुहूर्तावर लग्न लागलं. अंधार पडल्यावर गुरुजी तिला मांडवाबाहेर घेऊन आले. सवयीनं बोट वर केलं. सप्तर्षी होते. वसिष्ठ होता, जरा पसरट दिसत होता. त्याच्या शेजारी काही नव्हतं.

गुरुजींनी डोळे चोळले. टोपी काढून पुन्हा बघितलं. उन्हाळाभर ते धुरळ्याला बोल लावत होते, पण आज वाराच पडला होता. तेवढ्यात सगुणा म्हणाली, "दिसली, गुर्जी. बारीक हाय, पर दिसली." मागून नवराही म्हणाला दिसली. सगळ्या वऱ्हाडाला दिसली. गुरुजींचं बोट तसंच वर राहिलं, आणि जेवायला न थांबता ते घरी आले. शरयूबाईंना, म्हणजे त्यांच्या बायकोला, पोट ठीक नाही असं सांगून पडून राहिले.

आता बाहेरच्या माणसाला वाटेल, की यात एवढं काय आहे. पण आपल्याकडं जुनी माणसं सांगतात, की ज्याला अरुंधती दिसेनाशी झाली तो सहा महिन्यांचा सोबती. आणि गुरुजींनी हे नुसतं ऐकलेलं नव्हतं, घरात बघितलेलं होतं. त्यांचे वडील एका उन्हाळ्यात अंगणात बाजेवर पडल्या पडल्या म्हणाले होते, नरहर, आज अरुंधती दिसली नाही रे. त्या सालची दिवाळी त्यांनी बघितली नाही. तेव्हापासून ही गोष्ट गुरुजींच्या मनात रुतून बसलेली. गॅलिलिओ-हबल सांगणारा हा माणूस, पण त्या रात्री त्याला झोप लागली नाही. भीतीपुढं पुस्तकं काय करतात?

त्यात दुसरी एक खूण. महिना-दोन महिन्यांपासून गुरुजींना बारीक अक्षर चष्म्याशिवाय वाचता यायला लागलं होतं. शरयूबाईंनी कौतुकानं म्हटलंही होतं, की तुमचं उलटंच आहे, वय वाढतंय तशी नजर तरुण व्हायला लागली. आता गुरुजींना त्याचा अर्थ लागला. दिवा विझायच्या आधी मोठा होतो, तसंच हे. त्यांनी मनाशी मोजलं. वैशाखापासून सहा महिने म्हणजे कार्तिक.

मरणाचं त्यांना फारसं काही नव्हतं. शेतीवाडी नव्हती, भाऊबंदकी नव्हती. होती ती एकुलती एक मुलगी, प्रेमला. जालन्याला आत्याकडं राहून यंदा मॅट्रिकला बसलेली, परीक्षा देऊन घरी आलेली. राजूरची मॅट्रिकला बसलेली पहिलीच पोर. पास झाली तर औरंगाबादला कॉलेजात पाठवीन, असा गुरुजींनी तिला शब्द दिला होता, तोही देवळापुढं, चारचौघांत. आता त्यांना एकच दिसायला लागलं. आपण गेल्यावर बाप नसलेली पोर, कमावतं कुणी नाही, शरयूनं कुणाच्या दारात उभं राहायचं? आषाढात चातुर्मास लागला की कार्तिकापर्यंत लग्नं नाहीत, आणि कार्तिकात तर आपणच नाही. म्हणजे जे काय करायचं ते ज्येष्ठातच.

आणि माणूस जो कामाला लागला! इतकी वर्षं स्वतःच्या सदऱ्याच्या गुंड्या धड न लावणारे गुरुजी आठवड्याच्या आत भोकरदनला सोयरीक जुळवून आले. श्रीपतराव तिथं पोस्टमास्तर होते, शब्दाला पक्का माणूस. त्यांचा मुलगा वामन जालन्याला तहसील कचेरीत कारकून. वामनसकट मंडळी येऊन मुलगी बघून गेली, पोहे-चहा झाला, सुपारी फुटली, ज्येष्ठातली तिथी निघाली. शरयूबाईंनी विचारून विचारून तोंड दुखवून घेतलं, की अहो, घाई कसली, पोरीला दिलेला शब्द काय झाला? गुरुजी एकच म्हणायचे, की आता बिलकुल थांबायचं नाही. कारण सांगायचे नाहीत. सांगणार तरी काय? अरुंधतीचं बायकोला कळलं, तर ती आजपासूनच रडायला लागणार.

प्रेमला मात्र भांडली नाही. तिनं बापाशी बोलणंच टाकलं. ताट वाढायची, पाणी ठेवायची आणि आत जायची. गुरुजींना ते फार लागायचं. पण सहा महिन्यांत सुटणाऱ्या माणसानं रुसव्याचं काय मनावर घ्यायचं, असं म्हणून ते गिळायचे.

अशात वैशाखातली संकष्टी आली. लोक जमले, चंद्राचा पत्ता नव्हता, आणि गुरुजींनी नेहमीचा वर्ग सुरू केला. दिसत तर काही नव्हतं, पण इतक्या वर्षांचं पाठ होतं. अंदाजानं बोट करून ते म्हणाले, हे पुष्य, आणि हा बघा डाग. मग गॅलिलिओ झाला, मेसिए झाला, लोकांनी माना डोलावल्या. शंकेखोर रखमाजीसुद्धा म्हणाला, हाय की डाग. गुर्जी म्हणतात म्हणजे असलाच पाहिजे! बायकांत बसलेली प्रेमला तेवढी चमकली. अण्णांचं, म्हणजे वडिलांचं, बोट पुष्याकडं नव्हतंच, मघा नक्षत्राच्याही पलीकडं भलतीकडंच होतं, जिथं काही म्हणजे काही नव्हतं. तिला हे आकाश चालायला लागल्यापासून त्यांनीच शिकवलेलं.

चंद्र उगवला, नैवेद्य झाला, आणि घराकडं येताना तिनं कितीतरी दिवसांनी तोंड उघडलं.

"अण्णा, तुम्हाला पुष्यातला डाग दिसत न्हाई ना?"

गुरुजी चालतच राहिले. मग म्हणाले, "डागाचं काय घेऊन बसलीस, प्रेमा. मला अरुंधती दिसत न्हाई."

इतके दिवस दाबून ठेवलेलं सगळं बाहेर आलं. सगुणाचं लग्न, आजोबांची ती दिवाळी, कार्तिक महिना, आणि पोर उघड्यावर पडेल ही भीती. प्रेमला रस्त्यात उभीच राहिली. बापाचा राग धरून बसलेली ती, आता त्या रागाचं काय करावं तिला कळेना. तिनं अगदी हळू विचारलं, "हाफिज साहेब अरुंधतीला काय म्हणायचे?"

"सुहा."

"आणि अरबस्तानातले लोक तिचं काय करायचे, म्हणून सांगायचे?"

वर्गात फळ्यापाशी चुकलेल्या पोरासारखं गुरुजींना झालं. "नजर पारखायचे," ते म्हणाले. "ज्याला सुहा दिसली, त्याची नजर चांगली."

"मग?"

शेकडो वेळा ही गोष्ट त्यांनीच सांगितली होती. एकच चांदणी, अरबांनी तिच्यावर डोळे तपासले आणि आपण आयुष्य. दोन्ही गोष्टी एका डोक्यात सुखानं नांदत होत्या, कधी एकमेकींना भेटल्या नव्हत्या. तरी माणूस हेका सोडतो का? दोन्ही खरं असू शकतं, असं पुटपुटत ते घरी आले.

पुढचं शरयूबाईंनी हातात घेतलं. सगळं ऐकून त्या रडल्या नाहीत, भयंकर चिडल्या. सकाळच्या पहिल्या मोटारीनं नवऱ्याला जालन्याच्या डोळ्यांच्या डॉक्टरकडं घेऊन गेल्या. डॉक्टरांनी बत्ती मारून बघितलं, भिंगं बदलून बदलून भिंतीवरची अक्षरं वाचून घेतली आणि सांगितलं, की मोतीबिंदूची सुरुवात आहे. यात लांबचं अंधुक होतं, आणि जवळचं काही दिवस उलट चांगलं दिसतं. घाबरण्यासारखं काही नाही, लांबचा चष्मा लावा, पुढं जड वाटलं तर बघू.

"पुढं म्हणजे कार्तिकात?" गुरुजींनी विचारलं.

"कार्तिकात कशाला?" डॉक्टर म्हणाले. "दोन-चार वर्षांनी."

चष्मा तयार होऊन आला त्या दिवशी गुरुजींनी संध्याकाळची वाट कशी बघितली ते त्यांचं त्यांना ठाऊक. अंधार पडल्यावर अंगणात उभं राहून त्यांनी उत्तरेकडं बघितलं. वसिष्ठ आता टोकदार दिसत होता, आणि त्याच्या शेजारी ती होती. बारीक, स्वच्छ, कुठंही न गेलेली. गुरुजी लहान पोरासारखे रडले. आपण जगणार याचा आनंद झाला, आणि वडिलांनाही कुणी चष्मा लावून दिला असता तर त्या सालची भीती तरी त्यांच्या वाट्याला आली नसती, याचं वाईटही वाटलं. शरयूबाई पायरीवर बसून बघत होत्या. म्हणाल्या, "सापडली ना? आता माझ्या पोरीचं काय ते बघा."

तेच अवघड होतं. सुपारी फुटलेली सोयरीक मोडायची म्हणजे खेळ नाही. मोडतो बाप, पण लोक बोट दाखवतात पोरीकडं. त्यात त्याच आठवड्यात निकाल लागला आणि प्रेमला पास झाली. गुरुजींनी मन घट्ट केलं आणि एका सकाळी भोकरदन गाठलं. बहाणे त्यांना कधी जमले नव्हते. श्रीपतरावांसमोर बसून त्यांनी अरुंधतीपासून चष्म्यापर्यंत सगळं खरं सांगून टाकलं.

श्रीपतराव गंभीर माणूस. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हणजे गुरुजी, तुम्ही मरणार होतात म्हणून मुलगी आमच्या घरात देत होतात. आणि आता जगणार, म्हणून देत न्हाई?"

गुरुजींची मान आयुष्यात पहिल्यांदा खाली गेली. पोर म्हणजे मरताना कुणाच्या तरी ओटीवर ठेवून जायचं भांडं आहे, असंच आपण वागलो, हे त्यांना तेव्हा कळलं. श्रीपतरावांनी त्यांना चहा पाजला. मग म्हणाले, की घाईनं आलेली सून आपल्यालाही नको. गावात सांगू, की पत्रिकेत एक नाडी निघाली, आमच्याकडूनच नकार आहे. तुमच्या पोरीला बोल लागायला नको. इतकं मोठं मन गुरुजींनी फार थोड्या माणसांत बघितलं होतं. त्यांचे हात जोडलेलेच राहिले.

घरी आले तेव्हा प्रेमला ओसरीवर सूप घेऊन तांदूळ निवडत बसली होती. गुरुजींनी चपला काढायच्या आधीच सांगून टाकलं, की लग्न मोडलं, श्रीपतरावांनी दोष स्वतःवर घेतला, आता तू खुशाल औरंगाबादला जा. दसऱ्याचं सोनं लुटून आणल्यासारखा त्यांचा चेहरा होता.

प्रेमलानं मान वर केली नाही. "जाईन की," ती म्हणाली. "पण अण्णा, तुम्हाला अरुंधती दिसली न्हाई म्हणून माझं लग्न ठरलं, आणि दिसली म्हणून मोडलं. दोन्ही वेळेला मला कुणी विचारलं का?"

"तुला हे लग्न नको होतं ना? तू बोलणं टाकलंस माझ्याशी."

"मला घाई नको होती. तुम्ही शब्द मोडलात, त्याचा राग होता." तिनं सुपातला एक खडा वेचून बाहेर टाकला. "ते बघायला आल्ते त्या दिवशी मी पाणी द्यायला गेले, तर त्यांनी हळूच विचारलं, तुम्हाला पुढं शिकायचंय का. मी हो म्हणाले. तर म्हणाले, मग शिका की, मला काही घाई न्हाई. एवढ्या माणसांत मला विचारणारे ते एकटेच होते, अण्णा."

एवढं बोलून तिचे डोळे भरले, आणि ते लपवायला ती सूप जोरजोरात पाखडायला लागली. गुरुजी एका पायात चप्पल घालून तसेच उभे. आतून शरयूबाईंचा आवाज आला, की भोकरदनची दुपारची मोटार अजून गेली नसेल.

गुरुजींनी दुसरी चप्पल पायात घातली. दारापर्यंत गेले आणि वळले. सकाळी ज्या माणसाच्या उंबऱ्यावर सोयरीक मोडून आलो, त्याच्याच उंबऱ्यावर दुपारी पुन्हा जायचं, हे मरणाहून अवघड होतं.

"प्रेमा," ते म्हणाले, "श्रीपतरावांना आता काय सांगू?"

"सांगा," प्रेमला म्हणाली, "या खेपेला मुलीला विचारून आलोय."